अप्पांच्या मापाचा कोट

मित्रांनो, मी एक जुना, आटलेला लोकरी कोट आहे. माझा रंग एके काळी खाकी होता. आता त्याला काय म्हणावं ते मलाही कळत नाही. मी तंजावुरात राजवाड्यामागच्या गल्लीत, तिथे पिढ्यान्‌पिढ्या राहणाऱ्या मराठी कुळातल्या चंद्रमतीबाईंच्या घरी, लोखंडी पेटीत राहतो. तंजावुरात लोकरीचा कोट! हसलात ना? खुशाल हसा. इथे मार्गळीच्या, म्हणजे ऐन थंडीच्या महिन्यातल्या, पहाटेसुद्धा पुरुषमाणसं उघड्या अंगाने विहिरीवर आंघोळ करतात, आणि चैत्र-वैशाखात भिंतीला पाठ टेकली तर पाठ भाजते. अशा गावात माझं काय काम, असं मलाही पुष्कळ वर्षं वाटत आलं आहे. पण ऐका, मी इथे उगाच आलेलो नाही. मला फार निवडून, पारखून आणलं होतं.

माझा जन्म उत्तरेकडच्या एका गिरणीत झाला. तेव्हा मोठी लढाई चालू होती आणि माझ्यासारखे कोट सैनिकांसाठी ढिगांनी शिवले जात होते. माझे भाऊबंद गाड्यांत भरून कुठे कुठे गेले. माझं नशीब असं, की मी ज्या गठ्ठ्यात होतो तो गोदामाच्या अगदी तळाशी पडला. लढाई संपली तरी आमच्यावरचे गठ्ठे काही संपले नाहीत. एका उंदराने माझं उजवं कोपर कुरतडलं, तेव्हा गोदामातल्या शिंप्याने त्यावर बारीक रफू केलं. मी काही रणांगण पाहिलं नाही, एवढीच माझी जखम. मित्रांनो, ही गोष्ट नीट ध्यानात ठेवा. मी कोणाच्या अंगावर चढलो नव्हतो, जिवंत माणसाच्याही नाही आणि मेलेल्याच्याही नाही. हे मला एकदा, फक्त एकदा, ओरडून सांगता आलं असतं तर ही गोष्टच घडली नसती.

लष्कराने नको असलेला माल विकायला काढला आणि फिरत फिरत मी मद्रासला मूर मार्केटात, जुन्यापान्या मालाच्या बाजारात, आलो. तिथे एका भाईंच्या दुकानात खुंटीवर टांगलेला असताना चंद्रमती मला पहिल्यांदा दिसली.

चंद्रमती तंजावुरातल्या मुलींच्या शाळेत गणित शिकवत होती. वय तिशीच्या आसपास, अंगाने सडसडीत, बोलणं मोजकं. शाळेच्या शेवटच्या परीक्षेचे पेपर तपासायला ती मद्रासला आली होती. पेपर तपासून झाले की रोज संध्याकाळी ती एकच काम करी, अप्पांसाठी कोट शोधायचं.

अप्पा म्हणजे तिचे वडील, तुळजारामराव. हे गृहस्थ जन्मभर भूगोल शिकवत आले होते. फळ्यावर एका दमात सगळा हिमालय काढायचे, काश्मीरपासून आसामापर्यंत, खडू न उचलता. आणि तंजावूर जिल्ह्यात बघाल तर कावेरीचं सपाट खोरं, नजर पोचेल तिथवर भातशेती. टेकडी म्हणून शपथेला सापडायची नाही. "हिमरेषा म्हणजे काय, सांगा पाहूं पोरांनो?" असं विचारता विचारता अप्पा निवृत्त झाले, पण बर्फ काही त्यांनी पाहिला नव्हता. आता कुंभकोणमहून यात्रेकरूंची एक टोळी केदारनाथला निघाली होती. शेवटची चाल पायी, डोंगरातून. अप्पांनी नाव दिलं. घरात अम्मा, म्हणजे चंद्रमतीच्या आई, म्हणाल्या, "देवाला जातां, कीं बर्फ पाहायला जातां?" अप्पा म्हणाले, "देव तेथेंच बसलाय, त्याला मीं काय करूं?"

अप्पांच्या अंगावर बारा महिने वेष्टी, म्हणजे तिकडचं धोतर, आणि खांद्यावर अंगवस्त्र. थंडीचा कपडा त्यांच्याजवळ एकच, जुनी कंबळी, आणि तीही ऐन पावसाळ्यात ताप आला तर अंगावर घ्यायची. चंद्रमतीला धास्ती पडली होती. अप्पांची छाती मुळातच नाजूक, जरा सर्दी झाली की खोकल्याने रात्रभर उठून बसणारे. चांगला गरम कोट मिळाला तरच मी जाऊ देईन, असं तिने घरात बजावून ठेवलं होतं.

मद्रासला येण्याआधी एक दिवस अप्पा जेवायला बसले असताना तिने फुलं गुंफायचा दोरा घेतला आणि मागून त्यांच्या छातीभोवती गुंडाळला. "अगे, हार घालतेस काय मला?" असं म्हणत अप्पा भाताचा घास हातात धरून हसले. तिने दोऱ्याला एक गाठ मारली, आणि चार बोटं पुढे आणखी एक. आत बनियन आणि सदरा घातला तरी कोट सैल बसावा, म्हणून ती दुसरी गाठ. तो दोरा पदराच्या टोकाला बांधून ती दुकानं फिरत होती.

काय काय पाहिलं असेल तिने! मोठ्या रस्त्यावरच्या दुकानात विलायती कोट होते. त्यांच्या किमती ऐकून ती नमस्कार करून बाहेर पडली. एका ठिकाणी सुंदर वेलबुट्टीचा स्वेटर होता. तिने तो तोंडापुढे धरून फुंकर घातली, तर ती पलीकडे धरलेल्या तिच्याच हाताला लागली. वारा अडत नाही म्हणून तोही बाद. एक रबरी कोट पावसाला चांगला, पण त्यात ऊब नाही. एक चामड्याचा फार गरम होता. पण केदारनाथाच्या दारात चामडं घालून कोण उभं करील?

मग ती भाईंच्या दुकानात आली. तिने मला खुंटीवरून उतरवलं, उजेडापुढे धरलं, फुंकर घातली. ती माझ्यातून पार झाली नाही. कॉलर वर करून पाहिली, ती कानापर्यंत आली. आतला खिसा पाहिला. त्यात अप्पांचा चष्मा मावेल म्हणाली. मग पदराचा दोरा सोडला आणि माझ्या छातीभोवती धरला. दुसरी गाठ बरोबर शिवणीवर आली. मित्रांनो, त्या क्षणी मला किती बरं वाटलं म्हणून सांगू! इतकी वर्षं मी नुसता कोट होतो. आता मी कोणाच्या तरी मापाचा झालो.

"हें कोपर?" तिने रफूवर बोट ठेवलं. दोघं तमिळमध्ये बोलत होते, मी तुम्हाला आपल्या भाषेत सांगतो.

"उंदीर, बाई. दुसरं काही नाही," भाई म्हणाले. "हा कोट वापरलेलाच नाही. खांदा बघा, अजून कडक आहे."

तिने बघितला आणि तिला पटलं. कागदात गुंडाळता गुंडाळता भाई म्हणाले, "एक गोष्ट ध्यानात ठेवा. धुवायचाच झाला तर थंड पाणी. गरम पाणी लावू नका, आटेल."

चंद्रमती हसली. "आमच्या गांवांत पाणी तापवायला सूर्य पुरे होतो, भाई."

ती सुट्टीच्या एका दिवसासाठी मला घेऊन तंजावूरला आली. सकाळच्या गाडीने आली, संध्याकाळच्या गाडीने तिला परत पेपर तपासायला जायचं होतं. अप्पा नेमके कोर्टाजवळच्या वैद्यांकडे यात्रेचे काढे आणायला गेले होते. अम्मांनी तिला डांगर-पचडी वाढली, डोक्याला तेल लावलं, शेजारपाजारच्या बातम्या सांगितल्या. मला तिने अम्मांच्या हातात ठेवलं आणि किती दुकानं फिरले ते सगळं सांगितलं. वारा कसा अडतो, कॉलर कशी वर होते, चष्म्याचा खिसा कुठे आहे. सगळं सांगितलं, फक्त थंड पाण्याचं राहिलं. गाडीची वेळ झाली, दाराशी जटका, म्हणजे घोडागाडी, उभा होता, आणि ते राहूनच गेलं.

आता अम्मांबद्दल सांगतो. त्यांचं नाव वसुमती. अंगाने लहानखुऱ्या, सोवळ्याओवळ्याच्या कडक, पण हात अतिशय मायेचे. लोकरीला विटाळ नसतो, हे त्यांना ठाऊक होतं. त्यांच्या सासूबाईंची लोकरी धाबळी घरात होती, ती कधी न धुताच सोवळ्यात चालायची. त्याच हिशेबाने माझ्यावर दोन थेंब पाणी शिंपडून काम भागलं असतं. भागणारही होतं. पण तेवढ्यात पलीकडच्या घरातल्या शेषम्मा कापी प्यायला आल्या.

शेषम्मांनी मला उलटंपालटं केलं. आत शिक्का होता, नंबर होता. मग त्यांना कोपर दिसलं.

"अय्यो वसुमती, हा शिपायाचा कोट! लढाईतला. आणि हें भोक? गोळीचं असेल. कोण मेला असेल ह्यांत, काय ठाऊक."

"चंद्रा म्हणाली उंदराचं म्हणून."

"विकणारा आणखीन काय सांगेल?"

मी खुर्चीच्या पाठीवर लटकलेला होतो. उंदीरच होता हो, मी म्हणत होतो, काळा, आखूड शेपटीचा! पण कोटाचं कोण ऐकतं? अम्मांचा चेहरा उतरला. एखाद्या परक्याच्या घरात हे झालं असतं तर त्या दुर्लक्ष करत्या. पण हा कोट त्यांच्या नवऱ्याच्या छातीवर बसणार होता, तोही एवढ्या लांबच्या वाटेवर. मेलेल्या माणसाचं काही त्यांच्या अंगाला चिकटून जाऊ नये, एवढंच त्यांच्या मनात होतं. लोकरीचा नियम त्यांनी बाजूला ठेवला. नियमापेक्षा काळजी मोठी झाली.

परसात तांब्याचा हंडा चुलीवर चढला. रिठे पडले, मूठभर हळद पडली, पाणी खळखळू लागलं. मग मला त्यात सोडलं. त्या वेदना मी सांगत नाही, तुम्ही लहान आहात. अम्मा लाकडी दांड्याने मला ढवळत होत्या आणि तोंडाने स्तोत्र म्हणत होत्या. एकदा उकळून समाधान झालं नाही म्हणून पाणी बदलून पुन्हा उकळलं. दगडावर आपटलं. शेवटी सोवळ्याच्या कपड्यांसारखं काठीने उचलून उंच बांबूवर उन्हात वाळत घातलं. तंजावूरचं वैशाखातलं ऊन! माझ्या अंगातला धागा न् धागा एकमेकांना बिलगत होता, मी आत आत जात होतो, आणि माझं अस्तर बिचारं सुती, ते होतं तेवढंच राहून बाहेर फुगत होतं.

संध्याकाळी अम्मांनी मला काठीने खाली उतरवलं. हातात घेतलं. पुन्हा वर बांबूकडे पाहिलं, की दुसराच कोणाचा कपडा आला की काय.

अप्पांनी घालून पाहिला. बाही कोपराच्या खाली थोडी पोचली. पुढून दोन्ही बाजू ओढल्या तर मध्ये हातभर छाती उघडी. अप्पा आधी खो खो हसले. "अगे, मला परत शाळेंत पाठवतेस कीं काय? पहिल्या वर्गांत?" मग त्यांनी अम्मांकडे पाहिलं आणि हसणं थांबवलं. अम्मा चुलीजवळ खाली बसल्या होत्या, दोन्ही हात मांडीवर पालथे टाकून.

"तिनें किती दुकानं फिरून आणला हो," अम्मा म्हणाल्या. "मीं काय करून बसलें."

"रडूं नको. चंद्राला सांगायचं नाहीं, बस्स. मीं हरिद्वारांत दुसरा घेतों. तेथें कोट ढिगानें मिळतात."

दोन दिवसांनी टोळी निघाली. मला वळकटीत गुंडाळलं होतं. मद्रासच्या स्टेशनावर चंद्रमती धावत आली. हातात केळी, गोळ्या, मोसंबी. गाडी सुटायला थोडा वेळ होता. तिचे डोळे मला शोधत होते.

"कोट घालून दाखवा ना अप्पा. एकदा तरी पाहूं दे मला."

"ह्या उकाड्यांत? लोक मला वेड्यांच्या इस्पितळांत नेतील!" अप्पा म्हणाले. "केदाराला पोंचलों कीं घालीन. अगदीं मापाचा आहे ग. तूं घेतलेला, मग कां होणार नाहीं?"

तिचं तोंड फुललं. तिने खिडकीतून हात घालून वळकटीवरून, म्हणजे माझ्यावरूनच, एकदा हात फिरवला. गाडी हलली. अप्पा लांबपर्यंत अंगवस्त्र हलवत राहिले.

हरिद्वारला खरंच ढिगाने कोट होते. अप्पा दुकानापाशी थांबले, एक हातात घेतला, मापालाही तो ठीक होता. सोबतचे शेषगिरी म्हणून एक गृहस्थ होते, ते म्हणाले, "घ्या की राव, स्वस्त आहे." अप्पांनी कोट बराच वेळ हातात ठेवला आणि परत दिला.

"हा घालून घरीं गेलों तर पोरगी विचारेल, मीं घेतलेला कुठें गेला? मग तिच्या आईनें काय सांगावं?"

"अहो, घरी जाताना देऊन टाका कोणाला तरी."

"फोटो काढणार आहे ना तो टोळीचा म्होरक्या! त्यांत दिसेल." आणि अप्पा हसले. "वाटेसाठीं दोन शाली घेतल्यात. कंबळी आहे. ह्या हरिद्वाराच्या उन्हांत तर मला तंजावूरच आठवतंय."

मित्रांनो, इतक्या लहानशा गोष्टीवर माणसाचं आयुष्य टांगलेलं असतं. तिथे मला पुन्हा ओरडावंसं वाटलं, घ्या हो, घ्या तो कोट, मला इथेच टाकून द्या! मी वळकटीत गप्प पडून होतो.

पुढे डोंगर लागले. अप्पा काठी टेकत चालायचे आणि वाटेत जो भेटेल त्याला खडक कोणता, नदी कुठून आली, हे समजावून सांगायचे. टोळीत ओरत्तनाडूच्या वेंकूबाई होत्या. बारीक अंगाच्या विधवा बाई, पायात कापडी चपला, अंगावर लाल लुगडं आणि एक विरलेली शाल. केदाराच्या शेवटच्या चढावर पाऊस लागला आणि पावसात गारा. वेंकूबाई वाटेच्या कडेला दगडावर बसल्या त्या उठेचनात. त्यांचे दात वाजत होते, ओठ निळे पडले होते. शाली-कंबळ्या सगळ्यांच्याच भिजल्या होत्या. माझ्यावर मेणकापड होतं, म्हणून मी तेवढा कोरडा होतो.

अप्पांनी वळकटी सोडली. मला एकदा स्वतःच्या छातीशी धरलं. मी जितका जमेल तितका पसरलो. पण उकळलेली लोकर कुठे सैल पडते? मग त्यांनी मला वेंकूबाईंच्या अंगावर घातलं. बाह्या मनगटापर्यंत आल्या. बटणं सहज लागली, अगदी गळ्यापर्यंत.

"तुमचा कोट, तुम्हींच घाला बा," वेंकूबाई कशाबशा म्हणाल्या.

"तुमच्याच मापाचा झालाय तो, काय करूं?" अप्पा म्हणाले. "माझ्या बायकोनें खास उकळून दिलाय."

दुसऱ्या दिवशी सकाळी आकाश धुतल्यासारखं निघालं. देवळामागे पांढरे डोंगर उभे राहिले. अप्पा ओली शाल गुंडाळून बाहेर आले. मग काठी उचलून, वर्गात फळ्यावर दाखवावं तसं दाखवत म्हणाले, "पाहा पोरांनो. हिमरेषा." जवळ पोरं नव्हती. शेषगिरी होते, वेंकूबाई होत्या आणि त्यांच्या अंगावर मी होतो. अप्पांनी वाकून मूठभर बर्फ घेतला, तो वितळेपर्यंत हातात धरला, मग पुन्हा घेतला. त्यांना खोकला त्याआधीच सुरू झाला होता.

उतरताना खाली एका चट्टीत, यात्रेकरूंच्या मुक्कामाच्या जागी, ते आडवे झाले, ते उठले नाहीत. छातीत सर्दी भरली होती. मंदाकिनीच्या काठी शेषगिरींनी त्यांना अग्नी दिला. मित्रांनो, अप्पांनी मला कधीच अंगावर घातलं नाही. ज्यांच्या मापाने मला निवडलं होतं, त्यांच्या पाठीची ऊब कशी असते हे मला माहीत नाही.

वेंकूबाई मला घेऊन तंजावूरला आल्या. चंद्रमती तेव्हा घरीच होती. तार आली होती, तिचं रडून झालं होतं, आता ती नुसती बसून असायची. वेंकूबाईंनी मला तिच्यापुढे ठेवलं आणि पदर डोळ्याला लावला. "ह्या कोटानें मला वांचवलं, बाय. तुमच्या अप्पांनी आपल्या हातानें घातला."

चंद्रमतीने मला उचललं. आत गेली, देवघरातल्या डबीतून तो फुलांचा दोरा आणला आणि माझ्या छातीभोवती धरला. दोऱ्याची कितीतरी लांबी उरली. तिने अम्मांकडे पाहिलं. अम्मा म्हणाल्या, "मीं उकळलें. विटाळ जावा म्हणून." चंद्रमतीने दोरा गुंडाळला, मला घडी घालून पेटीत ठेवलं आणि झाकण लावलं.

तिथून पुढची वर्षं माझी नुसती अंधारातली. पण पेटी माजघरात होती, ऐकू सगळं यायचं. पूर्वी त्या घरात मायलेकींचं बोलणं संपायचं नाही. आता "भात वाढूं?" "पुरे." "दिवा लावलास?" "लावलें." यापलीकडे शब्द नाही. चंद्रमती शाळेत जायची, यायची, वह्या तपासायची. लग्नाचं कोणी बोललं तर उठून जायची. आणि अम्मांनी त्या दिवसापासून आंघोळीला पाणी तापवणं बंद केलं. ऐप्पसीच्या पावसात, मार्गळीच्या धुक्यात, विहिरीचं गार पाणी डोक्यावर ओतायच्या. तो तांब्याचा हंडा त्यांनी पालथा घालून ठेवला. शेषम्मा एकदा म्हणाल्या, "वयाला सोसेल असं करावं, वसुमती." अम्मा म्हणाल्या, "मला गरम पाणी सोसत नाहीं." अम्मांना वाटायचं, पोरगी मला क्षमा करीत नाही. आणि पोरगीला काय वाटायचं, ते मला एकट्याला ठाऊक होतं, कारण मूर मार्केटात मी तिथे होतो.

अशी वर्षं गेली. चंद्रमतीच्या केसांत पांढरं दिसू लागलं. मग एका मार्गळीत अम्मांना हुडहुडी भरून ताप आला. बाहेर देवळातून भजनाचे सूर येत होते, दारात रांगोळी अर्धवट राहिली होती. चंद्रमतीने कंबळी घातली, तिच्यावर गोधडी घातली, तरी अम्मांचं अंग थाडथाड उडत होतं. मग पेटीचं झाकण उघडलं. कितीतरी वर्षांनी माझ्या अंगाला उजेड लागला.

"तें नको," अम्मा मला पाहून ओरडल्या. "तें माझ्या अंगाला लावूं नको, चंद्रा. माझी लायकी नाहीं."

चंद्रमतीने ऐकलं नाही. तिने अम्मांना उठवून बसवलं, एक हात माझ्या बाहीत घातला, मग दुसरा. बाह्या मनगटाशी नीट आल्या. तिने खालून एकेक बटण लावायला सुरुवात केली. सगळी लागली. मी अम्मांच्या अंगावर असा बसलो, की जणू त्यांच्यासाठीच शिवला होता. शेवटचं बटण गळ्याशी लावता लावता चंद्रमतीचे हात थांबले आणि ती आईच्या खांद्यावर डोकं ठेवून हुंदके देऊ लागली.

"अम्मा, त्या दुकानदारानें मला सांगितलं होतं. गरम पाणी लावूं नका, आटेल म्हणून. मीं हसलें. मीं तुला सांगितलंच नाहीं. विसरलें."

अम्मांचं अंग थंडीने हलत होतं की आणखी कशाने, ते मला अंगावर असूनही नीट कळेना.

"म्हणून तूं बोलत नव्हतीस?"

"तुझ्या तोंडाकडे पाहायची मला भीति वाटायची."

"आणि मला तुझ्या," अम्मा म्हणाल्या. त्यांनी माझी बाही वर करून पोरीच्या केसांवरून हात फिरवला. बराच वेळ. मग माझी कॉलर गालाशी धरून अगदी हळू म्हणाल्या, "किती गरम आहे ग हा. एवढा गरम असतो? त्यांना मिळायला हवा होता."

त्या दिवशी चंद्रमतीने पालथा हंडा सरळ केला आणि अम्मांसाठी पाणी तापवलं.

अम्मा त्या दुखण्यातून उठल्या, पण फार दिवस राहिल्या नाहीत. पोंगल झाला, मासी महिन्यातली ऊनं सुरू झाली आणि त्या गेल्या. मधले ते थोडे दिवस मात्र दोघी सकाळी ओसरीवर बसून बोलत असायच्या, आणि बोलणं सगळं अप्पांचं. खडू न उचलता हिमालय काढायचे ते, भाताचा घास हातात धरून हसले होते ते. ज्या दिवसांत दोघींनी मिळून रडायला हवं होतं, ते दिवस त्यांनी एकाच घरात वेगवेगळ्या खोल्यांत घालवले होते. ते काही परत मिळाले नाहीत.

आता घरात चंद्रमतीबाई आणि मी. वर्षातून एकदा त्या मला बाहेर काढतात, विहिरीच्या गार पाण्यात हलकेच बुडवतात, पिळत नाहीत, सावलीत पसरतात. आतल्या खिशात तो फुलांचा दोरा ठेवलेला आहे, दोन गाठींचा. कोटाला मन असतं का, असं तुम्ही विचाराल. मला माहीत नाही. पण दर वेळी तो दोरा खिशातून काढताना मला वाटतं, एकदा पुन्हा पसरावं, दुसऱ्या गाठीपर्यंत.

मित्रांनो, तुमच्या घरी लोकरीचा कपडा असेल तर त्याला थंड पाणीच लावा. आणि हे ज्याला माहीत असेल त्याने घरात सगळ्यांना सांगून ठेवा. गाडीची वेळ झालेली असली, दाराशी जटका उभा असला, तरी मागे फिरा आणि सांगा. नाहीच सांगितलं गेलं आणि काही बिघडलं, तर तेही सांगा, त्याच दिवशी. मला तोंड नव्हतं. तुम्हाला आहे.